ताम्हनात कालवलेला शेंदूर

भात निसवायला लागलं की मार्गासनीच्या पुढं एसटीची खिडकी उघडावी लागते. ती अर्धीच सरकते, पण तेवढी पुरते. भाद्रपद सरत आलेला असतो. पाऊस मनात आलं तर येतो, नाहीतर तोरण्याच्या डोक्यावरच बसून राहतो. खाचरांतून लोंब्या नुकत्या बाहेर डोकावत असतात आणि त्यांचा तो कच्चा, दुधाळ वास गाडीत शिरतो. हा वास आला की मला अण्णांच्या छिन्नीचा आवाज ऐकू येतो. वासानं आवाज कसा ऐकू येईल, असं कुणी विचारू नये. साठी उलटलेल्या बाईवर असल्या प्रश्नांची सक्ती नसावी.

आजही तोच वास आहे. कागदावर तालुक्याचं नाव बदललं, पण कंडक्टर अजून ‘वेल्हे, वेल्हे’ असंच ओरडतो. नसरापूरला गाडी बदलून मी बसले आहे आणि मांडीवरच्या पिशवीत शेंदराची पुडी, तेलाची बाटली आणि आईचं पूजेचं ताम्हन आहे. शेजारच्या बाईनं दोनदा पिशवीत डोकावून पाहिलं. बांधांवर सोनकी अशी पिवळी झाली आहे की डोळे मिटले तरी पिवळंच दिसतं.

अण्णा, म्हणजे माझे वडील, भोरच्या शाळेत चित्रकला शिकवायचे. तो पोटापाण्याचा उद्योग. खरे ते शिल्पकार. आमच्या परसातल्या पत्र्याच्या शेडमध्ये त्यांचं खरं आयुष्य चालायचं. तिथं ओल्या मातीचा वास असायचा, गोणपाटाखाली झाकलेली माणसं असायची आणि कुणाचा तरी नुसताच हात खिडकीत वाळत पडलेला असायचा. माझ्या मैत्रिणी घाबरायच्या. मला मात्र पुष्कळ दिवस वाटायचं की सगळ्यांच्याच घरी परसात असे हात असतात.

त्यांनी केलेलं उरलं फार थोडं. सिमेंटमध्ये केलेला बैल गावाच्या रस्तारुंदीत गेला. एका शाळेसाठी केलेली सरस्वती पावसात उभी राहून राहून झिजली आणि मग कुणीतरी तिला हौसेनं चांदीचा रंग दिला. मातीची कामं तर मातीच झाली. अण्णांना त्याचं काही वाटायचं नाही. कुणी हळहळलं तर म्हणायचे, “आपण केलं तेव्हा मजा आली ना? झालं मग.” ते म्हणणं त्यांना शोभायचं. मागं उरलेल्यांना तसं म्हणता येत नाही.

मी बँकेतून निवृत्त झाले त्याच वर्षी शाळेनं विचारलं, जुन्या चित्रकलेच्या वर्गाची खोली रिकामी आहे, सरांच्या कामाचं छोटं दालन करू या का? मला एवढा आनंद झाला की मी लगेच एक वही आणली आणि अण्णांच्या एकेका कामाची नोंद करायला बसले. बँकेत सगळा जन्म गेलेल्या बाईला दुसरं सुचणार काय! काय होतं, कुठं होतं, आता कसं आहे. शेवटच्या रकान्यात बहुतेक ठिकाणी मला ‘नाही’ एवढंच लिहावं लागलं.

घरात एक गोष्ट मात्र होती. आईचा पुतळा. पुतळा म्हणजे खांद्यापर्यंतचा, प्लास्टरचा, लग्नानंतर दोनेक वर्षांत अण्णांनी केलेला. आई तेव्हा जेमतेम विशीची. तिच्या त्या वयाचा एकही फोटो आमच्याकडं नाही. लग्नाचा एक आहे, त्यात पदर आणि मुंडावळ्या तेवढ्या दिसतात. त्यामुळं तरुण आई पाहायची तर त्या पुतळ्यातच. आणि तिथंही ती दिसत नव्हती, कारण आई दर दसऱ्याला त्या पुतळ्याला ऑइलपेंट द्यायची.

त्याची सुरुवातही दसऱ्यालाच झाली होती. घरातली शस्त्रं, छिन्न्या, हातोडे पुजताना आईला तो पांढराफटक पुतळा दिसला आणि तिच्या मनात चर्र झालं. सवाष्णीचं कपाळ असं पांढरं? तिनं आपल्याच कपाळाला कुंकू लावावं तसं पुतळ्याला लावलं. प्लास्टर ते कुंकू प्यायलं आणि लाल डाग भुवईपर्यंत पसरला. तो पुसायला तिनं ओलं फडकं घेतलं आणि गालही लाल केला. मग घाबरून दाराला आणलेला उरलेला रंग त्यावर फासला. तेव्हापासून नेमच झाला. एका वर्षी पुतळा पोपटी, एका वर्षी गुलाबी, एकदा तर चॉकलेटी. मी शाळेत होते तेव्हा मला लाजच वाटायची. अण्णा मात्र खाली बसून तिला रंग कालवून द्यायचे. घट्ट झाला तर टर्पेंटाइन घालायचे, काडीनं ढवळायचे आणि ब्रश तिच्या हातात द्यायचे. आपलं काम बुजत चाललंय, हे त्यांना दिसत नव्हतं असं नाही.

मी एकदा चिडून विचारलं होतं, “अण्णा, तुम्ही हिला थांबवत का नाही?”

“राहू दे गं,” ते म्हणाले होते. “हीच बाई मी दगडात ठेवून आलोय वाडीत. वाघजाई म्हणून बसलीय. प्लास्टरचं काय, आज आहे उद्या नाही.”

आई लटक्या रागानं म्हणाली, “देवीला माझं तोंड दिलंत? पाप लागेल.” आणि पोपटी ब्रश नाकावरून फिरवला.

तर दालनासाठी मी ठरवलं, हा पुतळा मूळ रूपात आणायचा. कुणाला विचारलं नाही. माहीतगार माणूस पुण्यात शोधायला हवा होता, पण मला दम कुठला. हार्डवेअरच्या दुकानातून रंग काढायचं औषध आणलं, पॉलिश पेपर आणला आणि एका दुपारी आई झोपली असताना परसात बसले. गुलाबी निघाला, पोपटी निघाला. प्रत्येक थराखाली एकेक दसरा होता. मला भलताच उत्साह चढला. चॉकलेटी निघता निघेना, तेव्हा जोर लावला. आणि मग माझ्या लक्षात आलं की पॉलिश पेपरवर आता पांढरं पीठ येतंय. रंगाबरोबर प्लास्टरही येत होतं. नाकाचा शेंडा गेला होता. ओठ गेले होते. अण्णांच्या बोटांनी केलेलं जे काही होतं, ते माझ्या मांडीवर पीठ होऊन पडलं होतं.

आई उठून दारात आली. तेव्हा ती ऐंशीच्या पुढं होती, दृष्टी अधू, पण नेमकं तेवढं तिला दिसायचं. तिनं पुतळ्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं.

“आता बरोबर झालं,” ती म्हणाली. “आता अगदी माझ्यासारखी दिसते.”

ती हसली, मी हसू शकले नाही. मी त्या पिठाकडं बघत रडले. सांगते तर सगळंच सांगते: तेवढं मी अण्णा गेले तेव्हाही रडले नव्हते.

त्यानंतर मला वाडीचा ध्यास लागला. आईचा तो चेहरा आता फक्त तिथं होता, आणि आई आहे तोवर तो तिला परत दाखवला पाहिजे, नाहीतर मला सुटका नाही, असं वाटायला लागलं. वाडी वेल्ह्याच्या पुढं, एका खिंडीपलीकडं. नाव सांगत नाही. सांगितलं की शनिवारी-रविवारी गाड्या घेऊन याल.

धरणाचं पाणी चढलं तेव्हा ती वाडी वर सरकली, आणि नव्या देवळात नवी मूर्ती हवी म्हणून गावकरी अण्णांकडं आले होते. मी नऊ वर्षांची होते. गणपतीच्या सुट्टीत हट्ट करून त्यांच्याबरोबर गेले. शाळेच्या पडवीत आम्ही राहायचो. सकाळी धुकं एवढं असायचं की अण्णा चार पावलांवर असले तरी नुसती छिन्नी ऐकू यायची. टक् टक्, मग थांबा, मग फुंकर. ती फुंकर मला अजून ऐकू येते. धुकं वर गेलं की खालच्या खाचरांतून तो वास यायचा आणि गावातल्या बायका गरम भाकरी आणि वरण घेऊन यायच्या. मूर्तीच्या तोंडापुढं गोणपाट टांगलेलं असायचं. “देवीचं तोंड आधी गाव बघणार,” अण्णा सांगायचे. मी डोकवायचा पुष्कळ प्रयत्न केला. सुट्टी संपली, मला भोरला धाडलं, आणि चेहरा पाहायचा राहूनच गेला. पुढं स्थापना झाली त्याच दिवशी गावानं मूर्तीला शेंदूर चढवला. बिनशेंदराची देवी त्यांना उघडी वाटली.

पन्नास वर्षांचा शेंदूर म्हणजे काय ते मी गेले तेव्हा पाहिलं. नाक, डोळे, काही नाही. गोल, केशरी, तेलानं चमकणारा आकार आणि त्यावर बसवलेले चांदीचे दोन डोळे. पुजारी धोंडिबा गुरव पंचाहत्तरीचे. अण्णांचं नाव काढल्यावर त्यांनी मला पाट दिला, चहा दिला. मी थर काढण्याचं बोलले, तेव्हा मात्र त्यांनी कानाला हात लावले.

“ताई, देवीला खरवडायचं? न्हाई व्हायचं त्ये.”

“जाणकार माणूस आणते. धक्का लागू देणार नाही.” हे बोलताना माझ्या डोळ्यांपुढं ते पांढरं पीठ होतं.

“कवच आपसूक सुटतंय. माज्या आज्याच्या टायमाला जुन्या देवीचं सुटलं व्हतं. तिला वाटंल तवा सोडंल. आपुन कोन सांगनार?”

“आणि तोवर माझी आई नसली तर?”

मी चिडून निघाले आणि पुढच्या भाद्रपदात पुन्हा गेले. त्याच्याही पुढच्या. दरवेळी चहा, दरवेळी तेच बोलणं. हळूहळू मी मूर्तीबद्दल विचारायचं सोडलं आणि भाताबद्दल विचारायला लागले. देवळाच्या पायरीवर बसलं की खालचं धरणाचं पाणी दिसायचं, ढगाची सावली त्यावरून सरकत जायची, आणि तासन्‌तास काही व्हायचं नाही. या काही न होण्याची मला चटक लागली. अण्णांना हेच आवडत असणार, असं वाटायचं. आई विचारायची, “आली का देवी बाहेर?” मी म्हणायचे, नाही. “तिला नसेल यायचं,” आई म्हणायची, आणि त्या नाक नसलेल्या पुतळ्याला नवा गुलाबी रंग द्यायला बसायची. आता मी काही बोलत नव्हते. रंग मात्र ती स्वतःच कालवायची. मी कालवून देत नव्हते. तेवढा ताठा माझ्यात शिल्लक होता.

मग चौथ्या वर्षी, सर्वपित्रीच्या दोन दिवस आधी, सकाळी धोंडिबांचा फोन आला. “ताई, सुटलं बगा. पहाटं दिवा लावाय गेलो तर खांद्यापासनं भेग पडल्याली. हात लावला न्हाई तर अलगद हातात आलं. येताय का? पर आजच. दिवं लागायच्या आत पुन्ना शेंदूर चढवायला पायजे. तवर मी दार लोटून ठेवतो.”

मी पुण्यातल्या साचा घेणाऱ्या माणसाला फोन लावला. कुठल्याही मूर्तीचा रबराचा साचा तो काढायचा आणि त्यावरून हुबेहूब दुसरी करायचा. त्याच्याशी तीन वर्षांपूर्वीच बोलून ठेवलं होतं. तो म्हणाला, “आज जमणार नाही मॅडम, उद्या सकाळी आठला हजर.” मी म्हटलं, या. एक दिवस मागून घेऊ. मग जीप ठरवली आणि आईला उशांच्या मध्ये बसवलं. सगळा रस्ता तिनं खिडकीशी नाक लावलं होतं. “हा वास यांच्या कपड्यांना यायचा,” ती म्हणाली, “वाडीहून आले की. मी धुवायची नाही दोन दिवस.”

देवळात दहा-बारा माणसं बसली होती. निघालेलं कवच ताटात पालथं ठेवून त्यावर फुलं वाहिली होती. ते संध्याकाळी पाण्यात सोडायचं होतं. आणि गाभाऱ्यात ती होती. काळ्या दगडाची, तेलानं ओली, आत्ताच छिन्नी थांबल्यासारखी. मी आईला धरून उभी राहिले आणि मला पहिल्यांदा तरुण आई दिसली. रुंद कपाळ, किंचित वर उचललेली हनुवटी, आणि खालचा ओठ पुढं काढलेला. ती रागावलेली होती. वाघजाईला शोभावा असा राग.

धोंडिबांनी मूर्तीकडं पाहिलं, आईकडं पाहिलं. मग दारातल्या एका म्हातारीनंच तोंड उघडलं, “आगं बया, ही तर मास्तरीणबाई.”

आई पुढं झाली. पार जवळ गेली, कारण लांबून तिला दिसत नव्हतं.

“नाक जरा मोठंच केलंय यांनी,” ती शेवटी म्हणाली. आणि मग, “त्या दिवशी मी खूप रागावले होते. माझ्या पूजेच्या ताम्हनात माती कालवली होती यांनी. मी भांडत होते आणि हे म्हणत होते, अशीच थांब, अशीच थांब.”

सगळे हसले. आई हसता हसता रडली आणि मी तिचा हात घट्ट धरून ठेवला. एवढ्यासाठीच तर मी चार वर्षं येत होते. पण ऊन उतरायला लागलं, आणि मी साच्याचं काढलं. “धोंडिबा, फक्त उद्या सकाळपर्यंत. माझ्या वडिलांचं एवढंच एक काम उरलंय. दुसरं काहीच नाही हो.”

ते अस्वस्थ झाले. गावाकडं पाहिलं. एक जण म्हणाला, मास्तरांची लेक मागतीय, तर ऱ्हाऊ द्या एक रात. दुसरा म्हणाला, उघडी ठिवनार व्हय देवीला? शेवटी धोंडिबाच म्हणाले, “मास्तरीणबाई म्हंत्याल तसं. त्यांचंच त्वांड हाय.”

मला हायसं वाटलं. आई माझीच बाजू घेणार. घ्यायलाच हवी होती.

आई म्हणाली, “शेंदूर आणलाय ना तुम्ही? मग चढवू या.”

“आई!”

“अगं, तू पाहिलंस ना? मी पाहिलं. झालं मग.” अगदी अण्णांसारखं. “आणि असं कपाळ उघडं ठेवून मी रात्रभर घरी झोपू कशी?”

मला तिचा राग आला. खरंच आला. खिशातल्या मोबाईलवर मी चार फोटो काढले, पणतीच्या उजेडात. त्यांत दगड दिसतो, आई दिसत नाही. तेवढ्यात तिनं धोंडिबांना विचारलं, मी लावला तर चालेल का पहिला हात? “तुमी न्हाई तर कोन,” ते म्हणाले. मग तिनं माझ्यापुढं परात सरकवली.

“बस खाली. तुझे वडील रंग कालवून द्यायचे मला. घट्ट करू नकोस, गाठी होतात.”

मी बसले. शेंदरात तेल ओतलं आणि बोटानं कालवायला लागले. गाठी होत होत्या, त्या मोडत होते. मग माझ्या लक्षात आलं की अण्णा दर दसऱ्याला याच जागी बसायचे, असेच खाली मान घालून. आपण केलेलं बुजवणारा रंग स्वतःच कालवून तिच्या हाती देत होते. आईनं बोटं बुडवली आणि कपाळापासून सुरुवात केली. घरी करायची तशीच, वरून खाली, घाई न करता. गाल, नाक, हनुवटी. ओठ तिनं शेवटी ठेवला होता.

साचेवाल्याला मी जीपमधूनच फोन करून नको म्हणून सांगितलं.

शाळेतलं दालन आता उघडलं आहे. मधोमध आईचा तो गुलाबी पुतळा आहे. मुलं विचारतात, बाई, हिचं नाक कुठं गेलं? मी खरं ते सांगते, माझं नाव घेऊन. गेल्या मार्गशीर्षात आई गेली. या दसऱ्याला पुतळ्याचा रंग मीच कालवणार आहे आणि मीच देणार आहे. रंग कुठला, ते अजून ठरत नाही.

घट बसायच्या आदल्या दिवशी वाडीत शेंदराचा हात द्यायला मी दरवर्षी जाते. धोंडिबांनीच तसं ठरवून टाकलं आहे. “कालवायचं काम तुमचं,” म्हणतात. आजही त्यांनी पाट मांडून ठेवला होता. आईचं ताम्हन पाहून म्हणाले, “ह्येच का त्ये, मातीचं?” मी हो म्हटलं. धुकं खिंडीतून खाली उतरत होतं. मी शेंदूर कालवला, गाठी मोडल्या आणि गाभाऱ्यात गेले. चांदीचे डोळे काढून ठेवलेले होते. थर अजून पातळ आहे. पुढं तो जाड होत जाईल, आणि तो मीच जाड करणार आहे.

हात फिरवण्याआधी मी कोरडं बोट खालच्या ओठावर ठेवलं. शेंदराखाली ती कड लागली, पुढं आलेली. आई अजून रागावलेली होती.